घंटा होईपर्यंत

मला गळा आहे, दोन लांब बाह्या आहेत आणि रुंद पाठ आहे. बोलता मात्र येत नाही. मित्रांनो, मी एक जुनी लोकरी जर्सी आहे. माझा रंग गडद हिरवा होता, छातीवरून तिरका उतरणारा पांढरा पट्टा होता आणि पाठीवर तेवीस आकडा शिवलेला होता. आता हिरव्याचे शेवाळ झाले आहे आणि पट्टा पिवळा पडला आहे. आकडा तेवढा अजून वाचता येतो.

माझा जन्म दुसऱ्या महायुद्धाच्या दिवसांतला. मेलबर्नच्या पश्चिमेला, नदीकाठी, कातडी कमावणाऱ्यांची आणि दोरखंड वळणाऱ्यांची एक वस्ती आहे. आठवडाभर कारखाना, शनिवारी फुटबॉल आणि रविवारी चर्चमध्ये बसून शनिवारच्या सामन्याचा विचार, असे तिथले जगणे. हा फुटबॉल तुमच्या ओळखीचा नव्हे. याचा चेंडू लांबट, सोललेल्या नारळासारखा. तो पायाने मारतात, हाताने झेलतात आणि उंच खांबांमधून पार करतात. मधल्या खांबांतून गेला तर गोल, म्हणजे सहा गुण; कडेच्या खांबांतून गेला तर एक. असे चार डाव.

त्या वर्षी क्लबच्या जर्सी पार विरल्या होत्या आणि कपडा रेशनच्या कुपनावर मिळत होता. क्लबने वस्तीपुढे हात पसरला. बायकांनी आपापल्या वाट्याची कुपने काढून दिली. मिसेस क्विलिगन नावाच्या बाईंनी पायमोज्यांची कुपने दिली आणि त्या हिवाळाभर मोजे घातल्यासारखे वाटावे म्हणून पायांना चहाच्या पाण्याचा रंग लावून चर्चला गेल्या.

"माझे पाय दिसले तर दिसू देत," त्या म्हणत, "पण आपली पोरं उघडी खेळायला नकोत."

म्हणून मी कोणा एकाची नव्हते. पण अंगात मला घातले ते क्लेम ट्रेविनने.

क्लेम उंच होता, हाडापेराने दणकट होता आणि फार बोलत नसे. दारूगोळ्याच्या कारखान्यात तो बॉयलर जोडायचे काम करी. सैन्यात भरती व्हायला तो गेला होता, एकदा नव्हे, दोनदा. दोन्ही वेळा त्याला परत पाठवले. बॉयलरच्या कारागिरांना कारखान्यातून हलू द्यायचे नाही, असा हुकूम होता. पण मैदानाच्या कुंपणाला टेकून उभ्या असलेल्या माणसाला तो हुकूम कोण समजावणार?

"ए ट्रेविन! खाकी तुझ्या मापाची मिळेना का रे?"

"हिरवीच बरी त्याला! गवतात लपायला सोपी!"

क्लेम त्या बाजूला पाहत नसे. पण त्याची पाठ ताठ व्हायची, आणि ती मला कळायची. माणसाचा चेहरा सगळ्यांना दिसतो. पाठीला काय वाटते ते तिच्यावर चिकटलेल्या लोकरीलाच माहीत.

त्याचा धाकटा भाऊ नेव्हिल. घरात त्याला नेव म्हणत. वडील लवकर गेले, तेव्हा नेव लहान होता. त्याला चेंडू मारायला, दाढी करायला, आईशी खोटे न बोलता अर्धेच खरे सांगायला क्लेमनेच शिकवले. अठरा पूर्ण होताच नेव सैन्यात गेला. सप्टेंबरात तो शेवटच्या रजेवर घरी आला. पुढे बोटीने उत्तरेला, न्यू गिनीच्या जंगलात, जपान्यांशी लढायला. आमचा अंतिम सामना शनिवारी होता. नेवची गाडी रविवारी सकाळी होती.

सामन्याच्या दोन दिवस आधी मी स्वयंपाकघरात चुलीजवळ खुर्चीवर वाळत होते. नेवने मला उचलले आणि अंगात घातले. माझ्या बाह्या त्याच्या बोटांच्याही खाली लोंबल्या.

"काढ ती," क्लेम म्हणाला. "तंबू घातल्यासारखा दिसतोस."

"शनिवारी मी कुंपणाला उभा राहणार बघ. खाकीत. तुला कोणी टोमणा मारला, तर त्याने आधी माझ्याशी बोलायचं."

"तू तोंडात शेंगदाणे भर आणि गप्प उभा राहा."

"बरं." नेवने मला काढून नीट घडी घातली. मग घडीवर हात ठेवूनच म्हणाला, "आणि रविवारी स्टेशनवर तू ये, क्लेम. आई रडेल, डल्सी रडेल. कोणीतरी न रडणारं पाहिजे."

"येतो. तुझी पिशवी मीच डब्यात टाकणार."

"शब्द?"

"शब्द."

डल्सी म्हणजे त्यांची मधली बहीण. ती तिथेच बटाटे सोलत होती. "दोघंही रडाल," ती म्हणाली. "मी आत्ताच सांगून ठेवते."

शनिवार उजाडला तो पावसातच. शहराचे मोठे मैदान लष्कराने घेतले होते, म्हणून अंतिम सामना नदीच्या अलीकडच्या एका जुन्या मैदानावर होता. खेळाडूंच्या खोलीत निलगिरीच्या तेलाचा वास कोंदला होता. तिथला राजा मॉस हॅगर्टी. खेळाडूंचे अंग चोळणारा, बुटांना खिळे ठोकणारा, त्यांच्यासाठी संत्री चिरणारा म्हातारा. त्याचा एक नियम होता आणि तो क्लबच्या अध्यक्षालाही मोडता येत नसे : सामना सुरू झाला, की शेवटची घंटा होईपर्यंत बाहेरची कुठलीही बातमी त्या दारातून आत यायची नाही. बायकांनी तर दारातही उभे राहायचे नाही. पूर्वी कधीतरी एका खेळाडूला मध्यंतरात सांगितले होते, की बायको बाळंत झाली, मुलगा झाला. तो इतका हरखला, की ज्याला अडवायचे तो समोरचा खेळाडू मोकळा सुटला आणि अंतिम सामना हातचा गेला. तो मुलगा पुढे मोठा होऊन क्लबच्याच दुसऱ्या संघात खेळला, तरी वस्ती त्याला 'पराभव' म्हणूनच हाक मारी. अशी ती माणसे होती, मित्रांनो. वाईट नव्हती.

पहिल्या अर्ध्यात क्लेम पुन्हा पुन्हा कुंपणाकडे पाहत होता. खाकी पुष्कळ होती. नेव नव्हता. आम्ही चार गोलांनी मागे पडलो.

मध्यंतरात मॉसने मला क्लेमच्या अंगातून सोलून काढले. दुसरी कोरडी जर्सी कुठून असणार? चिखल निथळावा म्हणून त्याने मला दाराजवळच्या खिळ्याला टांगले. क्लेम खोलीच्या दुसऱ्या टोकाला बाकावर पालथा पडला होता. मॉस त्याच्याकडे वळणार, तोच दार वाजले.

दारात डल्सी उभी होती. पळत आली होती, टोपी कुठेतरी पडली होती.

"मिस्टर हॅगर्टी, क्लेमला बोलवा. नेवची गाडी आजच आहे. सगळ्यांच्या रजा रद्द झाल्या. पाचला मालधक्क्यावरून सुटते."

मॉस अर्धा बाहेर सरकला आणि त्याने दार मागे ओढून धरले. पण मी दाराला लागूनच होते.

"आत्ता? पोरी, आपण चार गोलांनी मागे आहोत."

"नेव विचारतोय त्याला."

"घंटा पावणेपाचच्या आत होईल. मालधक्का पळत गेलं तर दहा मिनिटं. गाठेल तो. घंटा झाल्याबरोबर मी स्वतः सांगतो त्याला. आईची शपथ."

"आणि नाही गाठली तर?"

मॉसने कपाळावरचा घाम पुसला. त्याचाही एक पुतण्या युद्धात मारला गेला होता. "दोन वर्षं या वस्तीच्या दारावर नुसत्या वाईट बातम्या येतायत, पोरी. आज एक तरी चांगली येऊ दे."

"ती तुमची बातमी," डल्सी म्हणाली. "आमची नव्हे."

दार बंद झाले.

मी खिळ्यावर लोंबत होते. माझ्या बाह्यांतून पाणी ठिबकत होते. त्या खोलीत अठरा खेळाडू होते, आणि त्यांतल्या एकाचे आयुष्य बदलेल असे काहीतरी मला ठाऊक होते. मी करू शकले ते एवढेच : ठिबकत राहिले.

मॉसने मला पुन्हा क्लेमच्या डोक्यातून घातले. त्याचे डोके अजून माझ्या आतच होते, तेव्हा तो म्हणाला, "डल्सीचा आवाज आला का मगाशी?"

"बाहेर सगळ्याच बायका बोंबलतायत," मॉस म्हणाला आणि त्याने मला खाली खेचले.

तिसऱ्या डावात डल्सी कुंपणापाशी आली. लोकांना कोपराने ढकलत ती पुढे घुसली आणि जीव खाऊन ओरडली, "क्लेम! क्लेम!" पण तेव्हा क्लेम झेलावर झेल घेत होता आणि अख्खे मैदान तेच नाव ओरडत होते. मला तिचा आवाज त्यातून वेगळा ऐकू येत होता. क्लेमला नाही. थोड्या वेळाने तो आवाज थांबला. तिलाही एका भावाला निरोप द्यायचा होता, आणि दुसऱ्यासाठी किती थांबणार?

शेवटच्या डावाआधी खेळाडू मैदानातच घोळका करून उभे राहतात. मॉस संत्र्याच्या फोडी घेऊन आला. क्लेमचा खांदा माझ्यावरूनच चोळू लागला.

"नेव दिसला का कुठे?" क्लेमने विचारले.

मॉसचे हात थांबले. आता सांगेल, मला वाटले.

"असेल गर्दीत," मॉस म्हणाला. "तू चेंडूकडे बघ."

शेवटचा डाव मी कितीदा तरी ऐकला आहे. पुढे कितीतरी वर्षे लोक तो दारूच्या गुत्त्यात, ट्रामच्या थांब्यावर सांगत राहिले. आम्ही एकेक गुण भरून काढत गेलो. पाच गुण कमी होते, आणि चेंडू उंच आला. क्लेम चार जणांच्या डोक्यांवरून उडाला आणि त्याने तो झेलला. त्याचे पाय जमिनीला टेकायच्या आतच घंटा झाली.

या खेळात घंटेच्या आधी झेल घेतला, तर घंटेनंतरही चेंडू मारू देतात. मैदान चिडीचूप झाले. क्लेमने चेंडूवरचा चिखल माझ्यावर पुसला, आधी एका बाजूने, मग दुसऱ्या. मित्रांनो, आपल्याच खेळाडूचा चेंडू चुकावा असे कोणा जर्सीला कधी वाटले नसेल. मला वाटले. मला घड्याळ दिसत नव्हते, पण हरलेल्या माणसाला कोणी अडवत नाही, एवढे मला कळत होते.

चेंडू मधल्या खांबांतून गेला. आम्ही एका गुणाने जिंकलो.

कुंपण मोडून माणसे आत आली. मॉस त्या लोंढ्यातून वाट काढत, शिव्या देत, धक्के खात क्लेमपर्यंत पोचला आणि त्याच्या कानाशी बोलला. दिलेला शब्द त्याने पाळला. माझ्याखाली क्लेमची छाती क्षणभर हललीच नाही.

मग तो पळाला. चार पावलांवर त्याला माणसांनी उचलले.

"सोडा मला! गाडी आहे माझी!"

"गाडी कशाला? खांद्यावरून नेतो तुला घरापर्यंत!"

"अरे, सोडा! माझा भाऊ—"

"आज आम्ही सगळेच तुझे भाऊ!"

त्याने लाथा झाडल्या. लोक हसले. त्याला वाटले, ही जर्सी काढून फेकली तर कोणी ओळखणार नाही. त्याने मला डोक्यावरून ओढले. पण ओली लोकर अंगाला घट्ट बसते. मी त्याच्या खांद्यांपाशी अडकले. तो ओढत होता, मी सुटत नव्हते, आणि लोक माझ्या बाह्यांना धरून त्याचे हात हलवत होते. त्या दिवशी मी घट्ट विणलेली नसते, तर. हा 'तर' मी इतकी वर्षे बाळगून आहे.

कसाबसा तो रस्त्यावर आला. बुटांचे खिळे दगडी फरसबंदीवर खडखडत होते. प्रत्येक कोपऱ्यावर माणसे होती आणि प्रत्येकाला पाठीवरचा आकडा दिसत होता. "तेवीस! अरे, तेवीस नंबर!" कोणी हात धरी, कोणी बाटली पुढे करी. मिसेस क्विलिगन दारातून धावत आल्या आणि त्याचा चेहरा दोन्ही हातांत धरून म्हणाल्या, "माझी कुपनं कामी आली रे, पोरा!" त्या रडत होत्या. त्यांना झिडकारणे त्याला जमले नाही. तेवढाही वेळ गेला.

नदीच्या पुलावर तो पोचला, तेव्हा गाडी पलीकडच्या काठाने वळण घेत होती. प्रत्येक खिडकीतून हात बाहेर आले होते. सगळे खाकी, सगळे हलणारे. त्यांत नेवचा कुठला, ते कळत नव्हते. क्लेमने दोन्ही हात वर करून सगळ्यांनाच निरोप दिला. शेवटचा डबा दिसेनासा झाला, तरी त्याचे हात वरच होते. माझा रंग तेव्हा उतरला नव्हता. राखाडी संध्याकाळी पुलावरचा हिरवा ठिपका लांबून दिसला असेल. दिसला का, हे मला कधीच कळले नाही.

मालधक्क्यावर डल्सी आईला धरून उभी होती. क्लेम जवळ आल्यावर ती म्हणाली, "त्याने विचारलं, क्लेमला सांगितलंस ना? मी हो म्हटलं."

"मग?"

"म्हणाला, मग येईल तो."

नेव पुढच्या वर्षी न्यू गिनीच्या डोंगरांत मारला गेला.

बातमी आली त्या आठवड्यात मॉस हॅगर्टी घरी आला. टोपी हातात घेऊन पायरीवर पावसात उभा राहिला. मी आतल्या खोलीत, तपकिरी कागदात होते. मला वाटले, क्लेम आता ओरडेल.

"आत या, मॉस," क्लेम म्हणाला. "भिजताय."

त्याने चहा केला. दोघे प्याले. मॉसने तो मोसम संपताच क्लब सोडला. डल्सी लग्न करून देशाच्या दुसऱ्या टोकाला गेली आणि तिकडेच वारली. क्लेम आणखी दोन वर्षे खेळला, पण दुसऱ्या जर्सीत. मला त्याने परत केले नाही, आणि धुतलेही नाही. त्या दिवसाचा चिखल माझ्या टाक्यांत वाळून बसला. कपाटाच्या तळाशी, डांबराच्या गोळ्यांच्या वासात, मी पडून राहिले. डाव्या बाहीला कसर लागली.

बाहेर त्याची कीर्ती वाढत होती. दर सप्टेंबरात कोणी ना कोणी येई. "क्लेम, ती घंटेनंतरची किक सांग की!" तो म्हणे, "वारा मागून होता." एवढेच. लोकांना ते फार आवडे. काय साधा माणूस, म्हणत. क्लब मला मागायला आला, की तो म्हणे, "अजून वाळली नाही ती." लोक हसत आणि निघून जात.

त्याला एक मुलगी झाली. रोना. शांत, पुस्तकांत डोके घालून बसणारी. बापाच्या मौनाला ती त्याचा स्वभाव समजली. तिने दुसरे काही पाहिलेच नव्हते. बायको गेल्यावर क्लेम आणि रोना त्याच घरात राहिली. तो म्हातारा झाला. एका दुपारी त्याने मला बाहेर काढले आणि मांडीवर पसरले. वाळलेला चिखल त्याच्या पँटवर सांडला. तो आकड्यावरून अंगठा फिरवत बसला. तेवढ्यात रोना चहा घेऊन आली. तिने बापाकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले. कप ठेवून ती त्याच्या शेजारी टेकली.

"किती आनंदाचा दिवस असेल ना, बाबा?"

क्लेमने मान वळवून तिच्याकडे पाहिले. खूप वेळ पाहिले. त्याचे ओठ हलले. आता बोलेल, मला वाटले. हे मला पूर्वीही एकदा वाटले होते.

"हो," तो म्हणाला. "पाऊस थांबला होता."

तिने प्रेमाने त्याच्या हातावर हात ठेवला. त्याने चहा घेतला. ते दार तिथेच मिटले. त्या वर्षीच्या हिवाळ्यात क्लेम गेला.

रोनाने घर आवरले. त्याचे कपडे दिले, खुर्च्या दिल्या, बूट दिले. माझी घडी हातात घेऊन ती पलंगाच्या कडेवर बसून राहिली. मला ठेवून घ्यावे असे तिला वाटत होते. पण ज्या दिवसाचा बाबांना एवढा अभिमान होता, तो असा कपाटात कोंडून ठेवणे तिला बरे वाटले नाही. तिने मला क्लबला दिले. तिथे मला काचेमागे ठेवले आहे, वर दिवा आहे. शाळेच्या सहली येतात. सांगणारा माणूस आवाज चढवून सांगतो, "एका गुणाने! घंटेनंतर! या माणसाच्या आयुष्यातला हा सगळ्यात आनंदाचा क्षण!" मुले टाळ्या वाजवतात. मी काही करू शकत नाही.

रोना कधीकधी एकटी येते. सामना नसलेल्या दिवशी, दुपारची. तिचे केसही आता पांढरे आहेत. ती काचेच्या अगदी जवळ उभी राहते. बाप आठवला, की निदान हा एक दिवस तरी त्याने पोटभर सुख पाहिले, असे तिला वाटते, आणि तेवढ्यावर ती घरी जाते. कधी वाटते, तिला सगळे कळावे. मग तिचा चेहरा पाहते आणि वाटते, नको. यातले बरोबर कोणते, ते मला ठरवता येत नाही, आणि ठरले तरी मी काय करणार होते?

मित्रांनो, तुमच्या घरात कोणी जुने माणूस एखादी वस्तू जपत असेल. ती झाडूनपुसून ठेवा, कसर लागू देऊ नका, हे ठीकच आहे. पण त्याआधी त्या माणसाजवळ बसा आणि विचारा, हे का ठेवले आहे. उत्तर तुम्हीच प्रश्नात घालून देऊ नका. आनंदाचा दिवस असेल ना, असे म्हणू नका. नुसते विचारा. आणि ते काही बोलले नाही, तर लगेच उठू नका. चहा गार झाला तर होऊ द्या.